कागदामागचा हिशेब विचारणारे न्यायाधीश: निफाडचे माधवराव रानडे आणि गहाण जमिनीचे दावे

निफाड म्हटलं की आज द्राक्षबागा आणि कांद्याच्या गाड्या डोळ्यांपुढे येतात. याच निफाडला 18 जानेवारी 1842 रोजी न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांचा जन्म झाला. शाळेच्या पुस्तकात ते समाजसुधारक म्हणून भेटतात. विधवाविवाहाचा पुरस्कार करणारे, काँग्रेसच्या पहिल्या अधिवेशनाला हजर असणारे, मराठ्यांच्या सत्तेचा इतिहास लिहिणारे रानडे सगळ्यांना ऐकून माहीत आहेत. पण त्यांच्या आयुष्यातली बरीच वर्षं एका वेगळ्याच कामात गेली. ती गोष्ट पुस्तकात दोन ओळींत संपते, आणि खरं तर तीच खेड्यापाड्यांतल्या माणसाच्या सगळ्यात जवळची आहे.

ते काम होतं शेतकऱ्यावर लागलेल्या कर्जाच्या दाव्यांची तपासणी. सावकाराने खत पुढे केलं, खाली शेतकऱ्याची निशाणी आहे, आकडाही लिहिलेला आहे. एवढ्यावर शेतकऱ्याची जमीन जावी का? की त्या आकड्याच्या मागे जाऊन मूळ मुद्दल किती, व्याज किती, फेड किती झाली, हे कोर्टाने विचारावं? पुणे, सातारा, नगर आणि सोलापूर या चार जिल्ह्यांत हा प्रश्न दीडशे वर्षांपूर्वी पेटला होता.

कारकुनाच्या घरातला मुलगा

रानड्यांचे वडील गोविंदराव सरकारी नोकरीत कारकून होते. पुढे ते कोल्हापूर संस्थानच्या नोकरीत गेले, त्यामुळे माधवरावांचं बालपण आणि सुरुवातीचं शिक्षण कोल्हापुरात झालं. इंग्रजी शिक्षणासाठी वयाच्या चौदा-पंधराव्या वर्षी ते मुंबईला एल्फिन्स्टन संस्थेत आले. मुंबई विद्यापीठाची पहिली मॅट्रिक परीक्षा 1859 मध्ये झाली, ती पास झालेल्या मोजक्या मुलांत रानडे होते. 1862 मध्ये बी.ए., 1864 मध्ये एम.ए. आणि 1866 मध्ये कायद्याची पदवी, असा त्यांचा प्रवास झाला. वाचनाचा ध्यास एवढा, की त्याच काळात डोळ्यांचं दुखणं मागे लागलं. नजर अधू झाली ती कायमचीच.

काही काळ अक्कलकोट आणि कोल्हापूर संस्थानांत नोकरी, मग एल्फिन्स्टन कॉलेजात इंग्रजीचे प्राध्यापक, आणि 1871 च्या अखेरीस पुण्यात सबजज्ज. तेव्हा त्यांचं वय तीसही नव्हतं. पुण्यात आदल्याच वर्षी, 1870 मध्ये, गणेश वासुदेव जोशी म्हणजे सार्वजनिक काका यांनी सार्वजनिक सभा काढली होती. रानडे सरकारी नोकर, तरी सभेच्या कामामागचं डोकं बऱ्याच वेळा त्यांचंच असायचं. सभेने दख्खनच्या शेतकऱ्याची स्थिती काय आहे, सारा किती, कर्ज किती, याची माहिती गावोगावहून गोळा करायला सुरुवात केली.

घरची बाजूही सांगायला हवी. 1873 मध्ये त्यांची पहिली पत्नी वारली. विधवाविवाहाचा पुरस्कार करणाऱ्या माणसाने आता विधवेशीच लग्न करावं, असं मित्रांना वाटत होतं. पण वडिलांच्या आग्रहापुढे ते नमले आणि अकरा वर्षांच्या रमाबाईंशी त्यांचं लग्न झालं. यावरून त्यांना पुढे बरंच ऐकून घ्यावं लागलं. रमाबाई देवराष्ट्र्याच्या. हे गाव तेव्हा सातारा जिल्ह्यात होतं, आज ते सांगली जिल्ह्याच्या कडेगाव तालुक्यात येतं. रानड्यांनी त्यांना शिकवलं, आणि पुढे दौऱ्यांवर त्या बरोबर असत.

तीन वर्षांची मुदत आणि फुगत जाणारं खत

त्या काळचा शेतकरी कर्जात का बुडाला, हे समजायला आधी खताचं गणित बघावं लागतं.

1859 मध्ये मुदतीचा कायदा आला. नोंदणी नसलेल्या साध्या खतावर दावा लावायचा तर तीन वर्षांच्या आत लावायचा, असं त्यात ठरलं. हेतू चांगला होता. जुनी कर्जं वर्षानुवर्षं कुजत पडू नयेत, व्याज डोंगराएवढं होऊ नये. पण झालं उलटंच. तीन वर्षं भरत आली की सावकार शेतकऱ्याला बोलवायचा आणि सांगायचा, नवं खत कर, नाहीतर उद्या दावा लावतो. मग मुद्दल आणि व्याज मिळून जो आकडा होईल, तो नव्या खतात मुद्दल म्हणून लिहिला जायचा.

समजा, एखाद्याने 100 रुपये घेतले. व्याज महिन्याला शेकडा 2 रुपये, म्हणजे वर्षाला 24 रुपये. तीन वर्षांत काही फेडता आलं नाही तर आकडा होतो 172 रुपये. नवं खत 172 रुपयांचं. त्यात लिहिलेलं असतं की 172 रुपये रोख मिळाले. आणखी तीन वर्षांनी ते होतात सुमारे 296, आणि नवव्या वर्षी सुमारे 509. सावकाराच्या हातून बाहेर पडले फक्त 100 रुपये. पण शेवटचं खत कोर्टात ठेवलं की त्यावर मागचं काहीच दिसत नाही. दिसतो तो 509 चा आकडा, त्याखाली शेतकऱ्याची निशाणी आणि साक्षीदारांची नावं.

मधल्या काळात शेतकऱ्याने धान्य दिलं, कापूस घातला, बैल दिला, तरी पावती मिळेलच असं नव्हतं. जमा झालं की नाही ते सावकाराच्या वहीला माहीत. वही वाचता येत नाही, आणि वाचता येणाऱ्याला विचारायची हिंमत होत नाही.

त्यात अमेरिकेतल्या यादवी युद्धाची भर पडली. 1861 ते 1865 या काळात तिकडचा कापूस विलायतेला जायचा थांबला आणि आपल्याकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला. सावकारांनी हात सैल सोडून कर्जं दिली. युद्ध संपलं, भाव कोसळले, आणि त्याच सुमारास सरकारने अनेक तालुक्यांत शेतसारा वाढवला. सारा रोख भरायचा, मुदतीत भरायचा. मग पुन्हा सावकाराचीच पायरी.

समन्स आलं, पण कोर्टात कोणी गेलंच नाही

दावा लागला की समन्स निघायचं. कोर्ट लांब, जायला-यायला दोन-तीन दिवस, ऐन सुगी किंवा पेरणी, वकिलाला पैसे कुठून आणायचे? काहींना सावकार सांगायचा, तू येऊ नको, आपण घरातच मिटवू. काहींना वाटायचं, खतावर आपलीच निशाणी आहे, आता बोलून काय उपयोग. आणि काहींना समन्स आलेलं कळायचंच नाही.

प्रतिवादी हजर नाही म्हटल्यावर दावा एकतर्फी चालायचा. खत खरं, निशाणी खरी, रक्कम खरी, हुकूमनामा तयार. मग जप्ती, मग लिलाव. लिलावात बोली बोलायला दुसरं कोण येणार? बहुतेक वेळा सावकारच कवडीमोलाने जमीन घ्यायचा. पैसे फिटले नाहीत तर शेतकऱ्याला दिवाणी तुरुंगात टाकायचीही सोय तेव्हाच्या कायद्यात होती. तुरुंगाची भीती दाखवून नवं खत करून घेणं हाही एक धंदाच झाला होता.

शिरूर तालुक्यातल्या करडे गावात 1874 च्या डिसेंबरात एका सावकाराने कोर्टाच्या हुकूमनाम्याच्या जोरावर एका देशमुखांच्या मालमत्तेवर टाच आणली. त्यावरून गावाने सावकारावर बहिष्कार टाकला. पुढे 12 मे 1875 रोजी सुप्याच्या बाजारात लोक जमले. हे सुपे तेव्हा भीमथडी तालुक्यात होतं, आज बारामती तालुक्यात आहे. जमावाने सावकारांकडे वह्या आणि खतं मागितली आणि ती जाळली. पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या अनेक गावांत हे लोण पसरलं. यात माणसांवर हात टाकण्याचे प्रकार कमी झाले. लोकांचा राग कागदावर होता. जिथे खतं निमूट हाती आली, तिथे बऱ्याच वेळा दुसरं नुकसान झालं नाही. कोर्टात ज्या कागदाला उत्तर देता आलं नाही, त्याला लोकांनी काडी लावली.

सरकारने चौकशी आयोग नेमला. 100 रुपयांच्या कर्जावर 2,000 रुपयांहून जास्त व्याज लावल्याचं उदाहरण आयोगापुढे आलं. एकतर्फी हुकूमनाम्यांचा विषयही आला. दंगल शिपाई पाठवून मोडता आली, पण ज्या कोर्टाने शेतकऱ्याचं ऐकूनच घेतलं नाही, त्या कोर्टाचं काय, हा प्रश्न सरकारपुढे राहिला.

1879 चा कायदा: खताच्या मुळाशी जा

यातून 1879 चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांना तो लागू झाला. त्या काळच्या मानाने कायदा धाडसी होता, कारण सहीचा कागद म्हणजे शेवटचा शब्द, ही समजूतच त्याने मोडली.

पहिली गोष्ट, प्रतिवादी शेतकऱ्याला कोर्टाने बोलवायचं आणि त्याची जबानी घ्यायची. तो आला नाही, चला एकतर्फी, असं सहज करता येणार नव्हतं.

दुसरी गोष्ट, न्यायाधीशाने खताच्या मागे जायचं. हा व्यवहार सुरू कधी झाला, पहिली रक्कम किती, प्रत्यक्ष हातात काय पडलं, हे पहिल्यापासून तपासायचं. मुद्दलाचा हिशेब वेगळा, व्याजाचा वेगळा मांडायचा. थकलेलं व्याज मुद्दलात मिसळायचं नाही. शेतकऱ्याने पैशात, धान्यात जे दिलं ते जमा धरायचं. जमीन सावकाराच्या ताब्यात गहाण असेल तर तिच्या उत्पन्नाचाही हिशेब लावायचा. आणि व्याजाची थकबाकी मुद्दलाहून जास्त मान्य करायची नाही, हा आपल्याकडचा दामदुपटीचा जुना दंडक पाळायचा.

वरच्या उदाहरणावर हे लावून पाहिलं तर फरक लगेच कळतो. 100 रुपयांचं नऊ वर्षांचं सरळ व्याज 216 रुपये. दामदुपटीने त्यातले 100 धरायचे. म्हणजे एकूण 200, त्यातूनही फेडलेलं वजा. खतावर लिहिलेले 509 कुठे आणि हे 200 कुठे! एका घराची जमीन राहायची की जायची, ते या फरकात होतं.

शिवाय हप्ते बांधून देता येऊ लागले. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्याला तुरुंगात टाकणं बंद झालं. जी जमीन स्पष्टपणे गहाण लिहून दिलेली नाही, ती साध्या कर्जासाठी विकता येणार नाही, असं ठरलं. मुदत वाढली, साध्या व्यवहाराला सहा वर्षं आणि नोंदलेल्या खताला बारा, म्हणजे दर तीन वर्षांनी खत बदलायची सबब गेली. शेतकऱ्याला स्वतः होऊन सावकाराविरुद्ध हिशेबाचा दावा लावता येऊ लागला. शेतकऱ्याचं खत गावातल्या नोंदणी अधिकाऱ्यासमोरच लिहायचं, पावती द्यायचीच, असे नियम झाले. 10 रुपयांपर्यंतच्या दाव्यांसाठी गावमुन्सफ, आणि कोर्टात जाण्याआधी तडजोडीसाठी पंच नेमले गेले. 100 रुपयांपर्यंतच्या दाव्यांत सहसा वकील उभा करायचा नाही, म्हणजे पैसेवाल्याचं पारडं जड होणार नाही.

संशयाच्या छायेत

कायदा येत होता त्या वेळी रानडे मात्र पुण्यात नव्हते. 1878 मध्ये त्यांची नाशिकला आणि 1879 मध्ये धुळ्याला बदली झाली. त्याच 1879 मध्ये वासुदेव बळवंत फडक्यांनी बंड केलं होतं. सार्वजनिक सभेच्या मागे असलेल्या या न्यायाधीशावर सरकारचा संशय होता. धुळ्यात त्यांची टपाल फोडून वाचली जात असे.

शांत स्वभावाच्या रानड्यांनी यावर आरडाओरड केली नाही. नोकरीही सोडली नाही आणि लिहिणंही सोडलं नाही. सभेच्या त्रैमासिकात शेती, सारा आणि कर्ज यांवर त्यांचे लेख येत राहिले. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं, की सगळा दोष सावकाराच्या माथी मारून सरकारला हात झटकता येणार नाही. साऱ्याचं ओझं, तो वसूल करायची कडक पद्धत आणि शेतीशिवाय दुसरा धंदा नसणं, ही कर्जाची मुळं आहेत. नोकरी सरकारची करायची आणि सरकारच्या धोरणाची चूक पुराव्यानिशी दाखवायची, ही कसरत त्यांनी आयुष्यभर केली.

पुढे संशय निवळला. 1881 मध्ये मुंबईत थोडा काळ मॅजिस्ट्रेट म्हणून काम केल्यावर ते पुण्याकडे परतले आणि या नव्या कायद्याच्या कामावर त्यांची नेमणूक झाली. विशेष न्यायाधीश होते डॉ. पोलन, आणि रानडे त्यांचे साहाय्यक. पुढे 1887 मध्ये रानडे स्वतः विशेष न्यायाधीश झाले.

गावोगावची तपासणी

या पदाचं महत्त्व नीट समजून घ्यायला हवं. या कायद्याखालच्या बऱ्याच दाव्यांत नेहमीसारखं वरच्या कोर्टात अपील नव्हतं. अपील म्हणजे खर्च, आणि खर्च म्हणजे पुन्हा सावकाराचीच सरशी, म्हणून ती वाट बंद केलेली. पण मग खालच्या न्यायाधीशाने चूक केली तर? त्यासाठी विशेष न्यायाधीश. त्याने फिरायचं, सबजज्जांची, गावमुन्सफांची, तडजोड पंचांची दप्तरं मागवायची, निकाल बघायचे आणि जिथे अन्याय दिसेल तिथे दुरुस्ती करायची.

रानड्यांची वर्षातली बरीच महिने ही अशी फिरतीवर जात. रस्ते कच्चे, वाहन म्हणजे गाडी, मुक्काम मिळेल तिथे. डोळे अधू, तरी दप्तर बघायचं काम थांबत नसे. रमाबाईंनी पुढे लिहिलेल्या आठवणींत या फिरतीच्या दिवसांचं वर्णन आहे. ते पुस्तक 1910 मध्ये निघालं, आणि एका मोठ्या माणसाच्या घरातलं, प्रवासातलं रोजचं जगणं त्यातून आजही कळतं.

निकाल तपासताना पाहायचं ते हे, की कायद्याने सांगितलेले प्रश्न खरंच विचारले गेले का. शेतकऱ्याला बोलावलं का? त्याची जबानी घेतली का? हिशेब पहिल्या रकमेपासून मांडला, की शेवटच्या खतापासून? धान्य जमा धरलं का? हप्ता बांधताना त्या घराला वर्षभर खायला उरेल का, हे पाहिलं का? कायदा पुस्तकात असून भागत नाही. न्यायाधीशाने एक प्रश्न गाळला तरी निकाल पुन्हा जुन्या वाटेने जातो.

सावकाराचंही ऐकायचं

इथे एक गोष्ट विसरून चालणार नाही. रानडे न्यायाधीश होते, शेतकऱ्याचे वकील नव्हते. ज्याने खरे पैसे दिले त्याचे खरे पैसे त्याला मिळायलाच हवेत, ही कायद्याचीही बाजू होती. पैसे घेतलेच नाहीत असं साफ नाकारणारे ऋणकोही असतात, आणि वही चोख ठेवणारे, अडीनडीला उभे राहणारे सावकारही असतात. खताच्या मुळाशी जायचं म्हणजे खोटं कोणाचं आहे ते शोधायचं, मग ते कोणाचंही निघो.

सावकाराला गावातून हाकलून दिलं तर उद्या बियाण्याला पैसे कोण देणार, हा प्रश्न रानड्यांना सतत दिसत होता. आणि तो नुसता कल्पनेतला नव्हता. कोर्टात हिशेब विचारला जातो म्हटल्यावर सावकारांनी साध्या खतावर पैसे देताना हात आखडते घेतले. गहाण न लिहिलेली जमीन विकता येत नाही म्हटल्यावर ते आधीच जमीन गहाण लिहून मागू लागले. आणि गहाणखताचाही हिशेब होतो म्हटल्यावर तिसरी वाट निघाली. कर्ज द्यायचं, पण कागद करायचा खरेदीखताचा. पैसे फेडलेस की जमीन परत लिहून देतो, हे फक्त तोंडी.

ही पळवाट बुजवायला पुढे कायद्यात दुरुस्ती झाली. कागदावर खरेदी लिहिलेली असली तरी व्यवहार मुळात कर्जाचा होता का, हे तोंडी पुराव्यावरूनही पाहायची मुभा कोर्टाला मिळाली. पण कायद्याने एक भोक बुजवावं आणि गरजवंताच्या अडचणीने दुसरं पाडावं, असं चालूच राहिलं.

नुसती ढाल पुरत नाही

म्हणूनच रानड्यांचा विचार कोर्टापाशी थांबला नाही. वाईट कर्जापासून शेतकऱ्याला वाचवणं हे अर्धं काम. त्याला चांगलं कर्ज, परवडेल अशा व्याजाने, हिशेबाच्या पावतीसह मिळणं हे उरलेलं अर्धं. युरोपातल्या देशांनी शेतकऱ्यांसाठी पतसंस्था आणि जमीन-तारण बँका कशा उभ्या केल्या, याचा त्यांनी अभ्यास केला आणि त्यावर लिहिलं.

1880 नंतरच्या काळात सर विल्यम वेडरबर्न या इंग्रज अधिकाऱ्याने पुरंदर तालुक्यात शेतकी बँक काढायची योजना मांडली. रानड्यांचा या विचाराला पाठिंबा होता. मुंबई सरकार आणि हिंदुस्थान सरकार दोन्ही अनुकूल होते, पण विलायतेतून मंजुरी आली नाही आणि बँक कागदावरच राहिली. पुरंदरला तेव्हा ती बँक झाली असती, तर शेतकऱ्याच्या पतपुरवठ्याचा इतिहास आपल्याकडे वीस वर्षं आधी सुरू झाला असता.

अखेर

1893 मध्ये न्यायमूर्ती काशिनाथ त्र्यंबक तेलंग वारले आणि त्यांच्या जागी रानडे मुंबई हायकोर्टाचे न्यायाधीश झाले. पुणं सुटलं, फिरती थांबली. सात वर्षं हायकोर्टाचं काम करून 16 जानेवारी 1901 रोजी मुंबईत त्यांचं निधन झालं. एकोणसाठावा वाढदिवस दोन दिवसांवर आला होता.

त्यांच्या मृत्यूनंतर तीनच वर्षांनी, 1904 मध्ये, सहकारी पतसंस्थांचा कायदा आला. आज गावात जी विकास सोसायटी आहे, तिचं मूळ त्या कायद्यात आहे. दख्खनचा 1879 चा कायदा पुढे बरीच वर्षं टिकला. 1939 आणि 1947 मध्ये मुंबई प्रांतात नवे कर्जनिवारण कायदे आले आणि त्याची जागा त्यांनी घेतली.

आज काय उरलं?

जुना कायदा गेला, पण अडचण ओळखीचीच आहे. महाराष्ट्रात सावकारीवर 2014 चा कायदा आहे. परवाना नसताना सावकारी करणं गुन्हा आहे. परवानाधारक सावकाराला हिशेब आणि पावती द्यावीच लागते. कर्जापोटी जमीन बळकावल्याची तक्रार सहकार खात्याच्या निबंधकाकडे करता येते. चौकशीत व्यवहार सावकारीचा ठरला तर जमीन परत देण्याचा आदेश होऊ शकतो, मग कागद खरेदीखताचा का असेना. तक्रारीसाठी तालुक्याचं सहायक निबंधक कार्यालय आहे.

दिवाणी कोर्टाचं समन्स आलं तर घरात ठेवून देऊ नये. साधारणपणे समन्स मिळाल्यापासून 30 दिवसांत आपली कैफियत, म्हणजे लेखी उत्तर, द्यायचं असतं. कारण दाखवलं तर कोर्ट मुदत वाढवू शकतं, पण तारखेला कोणीच गेलं नाही तर दावा एकतर्फी चालतो. वकील परवडत नसेल तर तालुक्याच्या कोर्टात विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो. पात्र माणसाला वकील मोफत मिळतो. फेडीची प्रत्येक पावती, बँकेचा उतारा, मोबाईलवरून पाठवलेल्या पैशांची नोंद जपून ठेवावी. हिशेब मागायचा तर तो मांडायला कागद लागतो.

सुप्याच्या बाजारात कागद जळले, पण कर्ज जळलं नाही. हिशेब मांडला तेव्हाच कुठे आकडे खाली आले. निफाडच्या कारकुनाचा मुलगा अधू डोळ्यांनी गावोगावची दप्तरं उलटत हेच पाहत होता, की कागदावरच्या आकड्याखाली ज्याची निशाणी आहे, त्या माणसाला कोणी काही विचारलं का.